शापित वस्तूंचे तळघर खरोखर बांधायचे तर

अद्भुतकथांमध्ये एक जागा वारंवार भेटते. डोंगराच्या पोटात किंवा एखाद्या जुन्या नगरीच्या पायाखाली खोल तळघर असते आणि जगाला घातक ठरलेल्या जादुई वस्तू तिथे कुलपाआड ठेवलेल्या असतात. स्पर्श करणाऱ्याचा प्राण घेणारा ताईत, पाहणाऱ्याला वेड लावणारा आरसा, कितीही वेळा तोडली तरी पुन्हा सांधली जाणारी तलवार. विचारी वाचकाला या तळघराबद्दल साधे प्रश्न पडतात. या वस्तू नष्टच का करून टाकत नाहीत? त्या इतक्या खोल कशासाठी नेल्या? पहारेकऱ्यांचा वंश संपला तर काय होईल? हजार वर्षांनी आलेल्या परक्या माणसाला आत काय आहे हे कोण सांगणार? कथा ही सारी उत्तरे बहुधा मंत्रावर सोपवते आणि पुढे जाते.

प्रत्यक्ष जगात मात्र या प्रश्नांवर काही दशके गंभीरपणे काम झाले आहे आणि त्यातून खरोखरचे तळघरही उभे राहिले आहे. फिनलंडच्या पश्चिम किनाऱ्यावर ओल्किलुओतो नावाचे बेट आहे. त्याच्या खडकात सुमारे ४३० मीटर खोलीवर ‘ओंकालो’ नावाचे भुयारांचे जाळे कोरलेले आहे. फिनिश भाषेत या शब्दाचा अर्थ कपार, लपण्याची जागा असा होतो. खोदकाम २००४ मध्ये सुरू झाले आणि २०२४ मध्ये धोकादायक माल न वापरता संपूर्ण प्रक्रियेची रंगीत तालीम सुरू झाली. तिथे कायमचे ठेवायचे आहे ते अणुभट्टीत वापरून झालेले इंधन. कथेतील तळघराला जे गुण हवेत तेच या भुयारालाही लागतात, त्यामुळे एकाच्या आधाराने दुसरे नीट समजून घेता येते.

वस्तूला ‘शाप’ लागतो म्हणजे काय होते?

अणुभट्टीत जाण्यापूर्वी युरेनियमच्या इंधनाची गोळी बोटाच्या पेराएवढी असते आणि हातमोजा घालून ती हातात धरता येते. तीच गोळी काही वर्षे भट्टीत राहून बाहेर आली की अशा गोळ्यांच्या जुडग्याजवळ आडोशाविना काही मिनिटे उभे राहणेही प्राणघातक ठरते. दिसायला तिच्यात फारसा फरक पडलेला नसतो. भट्टीत युरेनियमचे अणू फुटतात आणि त्यांचे तुकडे म्हणजे नव्या मूलद्रव्यांचे अस्थिर अणू असतात. असा अस्थिर अणू कधी ना कधी ऊर्जा बाहेर टाकून शांत होतो. त्या बाहेर पडणाऱ्या ऊर्जेला किरणोत्सर्ग म्हणतात. ती शरीरातील पेशींची मोडतोड करते, आणि तिला रंग, वास किंवा आवाज नसतो.

शापाची मुदत सांगण्यासाठी शास्त्रज्ञ ‘अर्धायुष्य’ हा शब्द वापरतात. एखाद्या पदार्थातील निम्मे अस्थिर अणू शांत व्हायला लागणारा काळ म्हणजे त्याचे अर्धायुष्य. सीझियम-१३७ चे अर्धायुष्य सुमारे ३० वर्षे, प्लुटोनियम-२३९ चे सुमारे २४,१०० वर्षे आणि आयोडीन-१२९ चे दीड कोटी वर्षांहून अधिक आहे. दहा अर्धायुष्ये उलटली की मूळ साठ्याचा जवळपास हजारावा भाग उरतो. म्हणजे सीझियमसाठी ३०० वर्षे पुरतात, प्लुटोनियमसाठी सुमारे २,४१,००० वर्षे लागतात.

येथे एक गैरसमज हमखास होतो. अर्धायुष्य जितके मोठे तितका पदार्थ अधिक जहाल, असे आपण धरून चालतो. वस्तुतः उलट आहे. तितक्याच अणूंचा शाप लवकर संपत असेल तर ते अणू आपली ऊर्जा घाईने बाहेर टाकत असतात, आणि मुदत लांब असेल तर ती थोडी थोडी झिरपत असते. एक भडकलेली मशाल आहे, दुसरा राखेखाली धुमसणारा निखारा. वापरलेल्या इंधनात दोन्ही एकत्र असतात, म्हणून आधी ते काही दशके पाण्याच्या खोल टाक्यांत ठेवून मशाल विझू देतात आणि मग निखाऱ्यांसाठी कायमची जागा शोधतात.

निळ्या उजेडाचे आकर्षण

कथांमध्ये शापित वस्तू नेहमी देखणी असते, तिच्याकडे पाहणाऱ्याला मोह पडतो. ही केवळ कवीकल्पना नाही, हे ब्राझीलमधील गोयानिया शहराने १९८७ साली पाहिले. तेथील एका सोडून दिलेल्या उपचारकेंद्रात कर्करोगावरील किरणोपचाराचे यंत्र तसेच पडून राहिले होते. सप्टेंबर महिन्यात दोन माणसांनी भंगार म्हणून त्याचा भाग काढून नेला, फोडला आणि विकला. आतल्या कुपीत शंभर ग्रॅमहूनही कमी पूड होती. तिच्यात सीझियम-१३७ होते.

ती पूड रात्री निळसर चमकत असे. भंगारवाल्याला ती मौल्यवान, काहीशी दैवी वाटली. त्याने ती घरी नेली, आप्तेष्टांना बोलावून दाखवली आणि तांदळाच्या दाण्याएवढे कण वाटले. काहींनी ती अंगाला चोळली. सहा वर्षांची एक मुलगी तिच्याशी खेळली आणि त्याच हातांनी जेवली. घरातली माणसे एकामागून एक आजारी पडू लागली, तेव्हा भंगारवाल्याच्या पत्नीने या सगळ्याचे मूळ त्या चमकणाऱ्या वस्तूत आहे हे स्वतःच्या निरीक्षणाने ओळखले आणि ती पिशवीत घालून बसने आरोग्य कार्यालयात पोहोचवली. एक लाखाहून अधिक लोकांची तपासणी झाली, २४९ जणांच्या अंगावर किंवा शरीरात सीझियम आढळले, आणि चार जण दगावले. ती मुलगी आणि ती स्त्री त्या चौघांत होत्या.

तळघरांविषयी जे काही वाचावे त्यात हा प्रसंग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. त्या माणसांनी कोणताही इशारा धुडकावला नव्हता. त्यांना समजेल असा इशारा तिथे नव्हताच, आणि वस्तू सुंदर होती. पुढे २००७ मध्ये आंतरराष्ट्रीय अणुऊर्जा संस्थेने एक नवे धोकाचिन्ह जाहीर केले. त्यात किरणे, कवटी आणि पळणारा माणूस एकत्र दाखवला आहे. तीन पात्यांचे जुने चिन्ह माहीत नसणाऱ्याला पंख्यासारखे किंवा फुलासारखे दिसू शकते, मृत्यूसारखे नव्हे.

नष्टच का करू नये?

कथेतली तलवार वितळत नाही, कारण लेखकाला ती वितळायला नको असते. किरणोत्सारी पदार्थ जाळून, कुटून किंवा आम्लात विरघळवून निकामी होत नाही, कारण या साऱ्या क्रिया अणूच्या बाहेरच्या कवचापुरत्या असतात आणि दोष गाभ्यात असतो. जाळले तर तो धुरातून पसरेल, इतकाच फरक. गाभ्यावर कणांचा मारा करून काही दीर्घायुषी अणूंचे अल्पायुषी अणूंत रूपांतर करता येते, यावर संशोधनही चालू आहे. परंतु ते महाग आहे, सर्व प्रकारच्या अणूंना लागू पडत नाही आणि त्यातूनही नवा किरणोत्सारी कचरा निघतोच. तळघर लहान होईल, त्याची गरज संपणार नाही.

अवकाशात पाठवावे, असे अनेकांना सुचते. अग्निबाण अधूनमधून अपयशी ठरतात आणि अशा एका अपयशात जो माल जमिनीखाली निपचित राहिला असता तोच आकाशातून विखुरला जाईल. जगात आजवर निघालेले वापरलेले इंधन लाखो टनांत आहे, त्यामुळे उड्डाणांची संख्याही प्रचंड होईल. समुद्रात टाकण्याचा मार्ग काही देशांनी पूर्वी प्रत्यक्ष वापरला होता. १९९३ मध्ये आंतरराष्ट्रीय करारातील दुरुस्तीने तो बंद झाला.

जमिनीवरच, भक्कम इमारतीत, पहाऱ्यात ठेवावे ही सूचना अधिक विचार करण्याजोगी आहे. सध्या बहुतेक इंधन असेच ठेवलेले आहे आणि काही दशकांसाठी ते योग्यही आहे. पण त्या व्यवस्थेला दर महिन्याला पगार घेणारी माणसे, वीज, दुरुस्ती आणि स्थिर राज्यव्यवस्था लागते. दोन लाख वर्षे पगार देत राहील अशी संस्था कोणालाही स्थापन करता येणार नाही. लेखनकला जन्मून अजून साडेपाच हजार वर्षेही झालेली नाहीत.

एकात एक दारे

सात दारांच्या आत ठेवलेली पेटी ही कथांतली कल्पना येथे जवळपास जशीच्या तशी आढळते. फरक असा की ही दारे चोरासाठी बांधलेली नाहीत. खरा शत्रू पाणी आहे. खोल खडकात पुरलेली वस्तू स्वतःहून वर येत नाही. तिला वर आणू शकणारे नैसर्गिक वाहन म्हणजे खडकाच्या भेगांतून मुंगीच्या पावलांनी सरकणारे भूजल.

पहिले दार म्हणजे इंधनाची गोळीच. ती भाजलेल्या मातीच्या भांड्यासारखी कठीण असते आणि पाण्यात अत्यंत सावकाश विरघळते. तिच्याभोवती झिर्कोनियम या धातूच्या मिश्रधातूची नळी असते. अशा नळ्यांचे जुडगे ओतीव लोखंडाच्या जाड ठोकळ्यात बसवतात, तो खडकाचा दाब पेलतो. त्यावर सुमारे ५ सेंटीमीटर जाडीचे तांब्याचे कवच असते, कारण प्राणवायू नसलेल्या खोल पाण्यात तांबे फारच कमी गंजते. हे नळकांडे भुयाराच्या तळाशी खोदलेल्या खड्ड्यात उभे ठेवून त्याच्या सभोवती बेंटोनाइट नावाची चिकणमाती ठासून भरतात. पावसाळ्यात लाकडी दार फुगून चौकटीत जसे गच्च बसते, तशी ही माती ओल लागताच फुगते आणि स्वतःच फट बुजवते. पाण्याला वाट हवी असते आणि पाणी येताच वाट बंद होते, ही योजना मला या सगळ्या रचनेतील सर्वांत सुंदर गोष्ट वाटते. शेवटी सुमारे १९० कोटी वर्षांचा जुना खडक.

इतके खोल जाण्याचे कारणही यातच आहे. पृष्ठभागावरचे ऊन, वारा, पूर, युद्ध आणि हिमयुग यांपैकी फारच थोडे ४०० मीटर खाली पोहोचते. उत्तर युरोपावर मागील हिमयुगात किलोमीटरहून अधिक जाडीचा बर्फ होता आणि पुन्हा तसा येईल हे गृहीत धरूनच आराखडा केला आहे. भूकंपाचे म्हणाल तर जमिनीच्या पोटात हादरा पृष्ठभागापेक्षा साधारणतः कमी जाणवतो. मोठी भीती असते ती खडक भेगेवर सरकून नळकांडे कातरले जाण्याची, म्हणून मोठ्या भेगांपासून अंतर राखूनच खड्डे घेतात.

लाख वर्षे टिकेल हे कशावरून?

हा आक्षेप रास्त आहे. प्रयोगशाळेत लाख वर्षांचा प्रयोग करता येत नाही. मात्र निसर्गाने असे काही प्रयोग आधीच करून ठेवले आहेत.

आफ्रिकेतील गॅबन देशात ओक्लो येथे युरेनियमची खाण होती. १९७२ मध्ये तेथील खनिज तपासताना फ्रेंच शास्त्रज्ञांना एक किरकोळ विसंगती दिसली. युरेनियमच्या एका प्रकाराचे प्रमाण सर्वत्र ०.७२० टक्के असते, ते त्या नमुन्यात ०.७१७ टक्के होते. त्या एवढ्याशा तफावतीचा माग काढल्यावर असे निष्पन्न झाले की सुमारे २०० कोटी वर्षांपूर्वी त्या खडकात पाण्याच्या साहाय्याने आपोआप अणुभट्टी पेटली होती आणि ती लाखो वर्षे थांबत थांबत चालली होती. तिच्यातून प्लुटोनियम तयार झाले, त्याचे पुढे रूपांतरही झाले, आणि हे सर्व तांबे नाही, लोखंड नाही, ठासलेली माती नाही अशा स्थितीत बहुतांशी जागच्या जागी राहिले. कॅनडातील सिगार लेक येथे अत्यंत समृद्ध युरेनियमचा साठा ४०० मीटरहून खोल, मातीच्या वेष्टनात १३० कोटी वर्षे पडून राहिला आणि वरच्या जमिनीवर त्याची किरणोत्सारी खूण सापडली नाही.

मानवनिर्मित वस्तूंचेही दाखले आहेत. रोमन सैन्याने स्कॉटलंडमधील एक तळ सोडताना सुमारे पावणेनऊ लाख लोखंडी खिळे खड्ड्यात पुरले. १९६० मध्ये ते सापडले, तेव्हा बाहेरचे खिळे गंजून एक कवच झाले होते आणि आतले जवळजवळ नव्यासारखे होते. ‘क्रोनान’ ही स्वीडिश युद्धनौका १६७६ मध्ये बुडाली. तिच्यावरची काशाची एक तोफ समुद्रतळाच्या चिकणमातीत तीनशे वर्षे रुतून होती, तरी तिची झीज अगदी अल्प होती.

तरीही हा पुरावा शंका पूर्ण मिटवतो असे म्हणणे बरोबर होणार नाही. काही संशोधकांच्या मते प्राणवायूविरहित पाण्यातही तांबे अपेक्षेपेक्षा वेगाने गंजू शकते. स्वीडनमध्ये याच पद्धतीच्या तळघराचा प्रस्ताव न्यायालयापुढे गेला, तेव्हा २०१८ मध्ये न्यायालयाने तांब्याच्या कवचाबद्दलच्या शंका दूर होईपर्यंत परवानगी देऊ नये असे मत नोंदवले. अधिक अभ्यासानंतर २०२२ मध्ये सरकारने मान्यता दिली. असा वाद उघडपणे, न्यायालयात आणि कागदावर झाला हे मला विश्वास वाढवणारे वाटते.

दोन तळघरे, दोन चुका

जर्मनीत आसे नावाच्या जुन्या मिठाच्या खाणीत १९६७ ते १९७८ या काळात कमी आणि मध्यम तीव्रतेच्या कचऱ्याची सुमारे १,२६,००० पिंपे ठेवली गेली. खाण मूळची मीठ काढण्यासाठी पोखरलेली होती, तळघर म्हणून निवडलेली किंवा कोरलेली नव्हती. पुढे तिच्यात खारे पाणी झिरपू लागले आणि ते रोज हजारो लिटर येत राहिले. आता कायद्यानेच ठरले आहे की तो कचरा पुन्हा वर काढायचा. तयार भुयार मिळाले म्हणून त्यात वस्तू ठेवण्याची ही किंमत आहे.

दुसरे उदाहरण अमेरिकेतील न्यू मेक्सिको राज्यातले आहे. तिथे ६५५ मीटर खोल, २५ कोटी वर्षांच्या मिठाच्या थरात अण्वस्त्रनिर्मितीतून उरलेला कचरा १९९९ पासून ठेवला जातो. मीठ दाबाखाली सावकाश सरकते आणि ठेवलेल्या वस्तूला सर्व बाजूंनी आवळून घेते, म्हणून जागा चांगली निवडलेली होती. फेब्रुवारी २०१४ मध्ये तिथले एक पिंप आतून तापून फुटले. ओल शोषण्यासाठी त्यात खनिज माती घालायची, त्याऐवजी धान्यापासून बनवलेला शोषक पदार्थ घातला गेला होता आणि त्याची आतील नायट्रेट क्षारांशी रासायनिक क्रिया झाली. जागा जवळपास तीन वर्षे बंद राहिली. पंचवीस कोटी वर्षांच्या मिठाचा यात काही दोष नव्हता, पिंप भरताना चुकीची पिशवी उघडली गेली होती.

पहारा कोणी द्यायचा?

कथांमध्ये पहारेकरी असतात, आणि कथा घडते ती त्यांच्यातला एक फितूर होतो किंवा झोपतो म्हणून. प्रत्यक्षातही हाच प्रश्न सर्वांत अवघड ठरला. १९८१ मध्ये अमेरिकी सरकारने भावी पिढ्यांना दहा हजार वर्षे धोक्याची सूचना कशी द्यावी यासाठी एक अभ्यासगट नेमला. त्यासाठी काम करणारे चिन्हशास्त्रज्ञ थॉमस सेबेओक यांनी १९८४ मध्ये सुचवले की जाणकारांचा एक ‘अणुपुरोहितवर्ग’ असावा. तो स्वतःच आपले वारस निवडत राहील, आणि सामान्य लोकांत मात्र त्या जागेविषयी भय निर्माण करणाऱ्या दंतकथा व विधी पसरवेल. त्याच वर्षी फ्रान्स्वाज बास्तिद आणि पाओलो फाब्री यांनी किरणोत्सर्ग जवळ येताच रंग बदलणाऱ्या मांजरांची कल्पना मांडली. मांजराचा रंग बदलला की पळ काढावा, एवढी गोष्ट गाण्यांतून आणि म्हणींतून पिढ्यान्‌पिढ्या जपावी, अशी ती योजना होती. म्हणजे खऱ्या तळघराचा विचार करता करता विद्वानांना पुन्हा दंतकथेचाच आधार घ्यावासा वाटला.

पुरोहितवर्गाची कल्पना मला पटत नाही. ज्ञान मूठभरांच्या हाती आणि भीती बाकीच्यांच्या वाट्याला, अशी वाटणी गोयानियातल्या त्या घराला वाचवू शकली नसती. त्या स्त्रीने जे केले ते भीतीपोटी नव्हे, निरीक्षणाने केले.

न्यू मेक्सिकोच्या तळघरासाठी पुढे संयुक्त राष्ट्रांच्या सहा भाषा आणि तिथल्या मूळ रहिवाशांची नवाहो भाषा यांतून दगडावर संदेश कोरण्याचा आराखडा झाला. जमिनीवर प्रचंड काटे उभारावेत, म्हणजे भाषा न कळणाऱ्यालाही जागा अशुभ वाटेल, असेही सुचवले गेले. यावरचा आक्षेप उघड आहे. भव्य खूण माणसाला दूर लोटते तितकीच जवळ ओढते. इजिप्तमधील राजांच्या थडग्यांनी आत काहीतरी मोलाचे आहे हेच जगाला सांगितले आणि बहुतेक थडगी प्राचीन काळीच लुटली गेली. शिवाय भाषा टिकेलच असे नाही. सिंधू संस्कृतीची लिपी आपण चार हजार वर्षांनंतर अजून निर्विवादपणे वाचू शकलेलो नाही.

उलट बाजूही आहे. जपानमधील आनेयोशी या वस्तीत १९३३ च्या त्सुनामीनंतर एक शिळा उभारण्यात आली. तिच्याखाली घरे बांधू नका, असे तिच्यावर लिहिले आहे. लोकांनी ते पाळले आणि २०११ ची लाट शिळेच्या खालीच थांबली. ती शिळा लोकांच्या रोजच्या वाटेवर होती, भाषा त्यांची होती आणि सूचनेचे कारण सांगणारी माणसे घरात होती. काही पिढ्यांपुरती अशी स्मृती टिकते, आणि सीझियमसाठी लागणारी ३०० वर्षे तिच्या आवाक्यात येऊ शकतात. प्लुटोनियमची नाहीत.

म्हणून ओंकालोची रचना पहाऱ्यावर अवलंबून ठेवलेली नाही. एकदा बंद झाल्यावर कोणी देखरेख केली नाही, कोणाला ती जागा आठवली नाही, तरी ती सुरक्षित राहिली पाहिजे, हे तत्त्व तिथे मुळातच धरले आहे. खोल, कठीण खडक निवडताना त्यात उकरून न्यावे असे मौल्यवान खनिज नाही हेही पाहिले जाते. ज्याला खाली ४३० मीटर खोदता येते त्याच्याजवळ किरणोत्सर्ग मोजण्याचे ज्ञान बहुधा असेल, हा त्यामागचा तर्क मला पटतो, पण तो तर्क आहे हे विसरता कामा नये.

उघडण्याची सोय ठेवावी का?

पुढे अधिक चांगला उपाय सापडला तर काय, असे विचारले जाते. फ्रान्सने आपल्या नियोजित तळघरासाठी कायद्यानेच किमान १०० वर्षे निर्णय फिरवता येईल अशी अट घातली आहे. यात एक ओढाताण आहे. जे दार आपल्या नातवंडांना सहज उघडता येते ते चोरालाही उघडता येते, आणि उघडे ठेवलेले भुयार हे पाण्याला दिलेले आमंत्रण असते. मला वाटते, भरणा चालू असेतोवर दार उघडता यावे आणि त्यानंतर ते बुजवावे.

ओंकालोत हा भरणा पुढची सुमारे शंभर वर्षे चालेल. प्रत्येक बोगदा भरला की तो मातीने ठासून त्याच्या तोंडाशी काँक्रीटची भिंत घालतील. शेवटी मुख्य उतारमार्ग आणि विहिरी बुजवल्या जातील, वरच्या इमारती उतरवल्या जातील, आणि त्या जागी पुन्हा झाडे वाढू दिली जातील.